देवराष्ट्रेला जायचंय अण्णांना घेऊन, यशवंतरावांचं घर सोडून तिथं अजून काय आहे?

पिंपरीचा_पाहुणा

नमस्कार मंडळी, थोडी माहिती पाहिजे होती. माझे वडील अण्णा, वय ७८, रिटायर्ड मास्तर. गेल्या महिन्यात मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं आणि नीट दिसायला लागल्या लागल्या पहिलं काय केलं तर कपाटातनं यशवंतरावांचं आत्मचरित्र 'कृष्णाकाठ' काढलं आणि चार दिवसांत परत वाचून संपवलं. आता डोक्यात घेतलंय की देवराष्ट्रे बघायचं. मी म्हटलं अण्णा, यशवंतराव चव्हाण म्हणजे कराड ना, प्रीतिसंगमावर समाधी आहे, आपण दोनदा जाऊन आलोय की. तर म्हणाले समाधीला सगळे जातात, जन्माला आला तिथं कोण जातंय.

कारण पण सांगतो. अण्णा ईबीसीत शिकलेले. ज्यांच्या घरचं वर्षाचं उत्पन्न बाराशेच्या आत त्यांना फी माफ, ती यशवंतरावांच्या काळातली सवलत. आजोबांकडं दीड एकर कोरडवाहू, तलाठ्याचा उत्पन्नाचा दाखला आणायला अण्णा स्वतः चालत गेलेले ही गोष्ट आम्ही लहानपणापासनं इतक्या वेळा ऐकलीय की तलाठ्यानं कुठल्या रंगाचा कोट घातलेला ते पण मला पाठ आहे. त्यामुळं 'माझी फी त्या माणसानं भरली' हे त्यांचं फिक्स वाक्य.

तर प्रश्न असे. एक, पुण्याकडनं एका दिवसात जाऊन येणं होतं का. दोन, गाव नक्की कुठं, मॅप कधी ताकारीकडनं दाखवतो कधी कडेगावकडनं. तीन, तिथं बघायला खरंच काय आहे का, की एक बोर्ड आणि कुलूप. बायको म्हणते पाच तास गाडीत बसवून म्हाताऱ्या माणसाला नेऊन कुलूप दाखवू नका. चार, गुडघे दुखतात, चढ-पायऱ्या कितपत?

कराडचा_वारा

एका दिवसात होतं पण पहाटे निघा. हायवेनं सरळ कराड, तिथनं शेणोली-ताकारी अंगानं साधारण तीसेक किलोमीटर धरा. ट्रेननं यायचं तर पुणे-मिरज लाइनवर ताकारी स्टेशन जवळ पडतं, पण तिथं कुठली गाडी थांबते ते आधी बघा आणि पुढं वाहन मिळवणं वडिलांना घेऊन जमणार नाही, त्यापेक्षा स्वतःची गाडी बरी.

आता तुमच्या कराडच्या गोंधळाचं. तुम्ही चुकीचं काही म्हणत नाही, यशवंतराव कराडचेच. वाढले इथं, टिळक हायस्कूलला शिकले, १९३२ साली झेंडा लावला म्हणून अठरा महिन्यांची सजा झाली तीही इथनंच, घर इथं, समाधी इथं. पण जन्म १२ मार्च १९१३ चा आणि तो देवराष्ट्रेचा, कारण देवराष्ट्रे त्यांचं आजोळ. वडील बळवंतराव कराडला कोर्टात बेलिफ. ते प्लेगमध्ये गेले तेव्हा यशवंतराव चार-पाच वर्षांचे असतील. मग आई विठाबाई, आणि आजोळचा आधार. म्हणजे आपल्याकडं बाई बाळंतपणाला माहेरी जाते, त्यामुळं पुढाऱ्याचं 'जन्मगाव' म्हणून जे छापतात ते बऱ्याच वेळा त्याच्या आईचं गाव असतं, हे कुणाच्या लक्षातच येत नाही. बाप्याच्या नावानं फलक आणि गाव आईचं.

आणि हो, जुन्या पुस्तकात 'सातारा जिल्हा, खानापूर तालुका' वाचाल तर दचकू नका. तेव्हा सगळा सातारा जिल्हाच होता, १९४९ ला दक्षिण सातारा वेगळा झाला, १९६० ला त्याचं नाव सांगली पडलं, आणि तालुका आता कडेगाव. गाव जागेवरच आहे, पत्ता तेवढा बदलत गेला.

वेळ उरला तर येताना कराडात 'विरंगुळा' बघा, त्यांचं घर. अण्णांना आवडेल.

बांधावरचा_माणूस

मी त्याच टापूतला, देवराष्ट्रे आमच्यापासनं हाकेच्या अंतरावर. खरं सांगू का दादा, घर बघायला म्हणून याल तर पंधरा मिनिटांत बाहेर पडाल. खेड्यातलं जुन्या पद्धतीचं साधं घर, तेवढंच ते. शेतकऱ्याचं घर, ते काय राजवाडा असणार आहे होय. सुट्टीच्या दिवशी उघडं असतं का ते आदल्या दिवशी ओळखीपाळखीनं विचारून घ्या, नाहीतर वहिनी म्हणतात तसं व्हायचं.

पण तुम्ही घरावरच थांबू नका, सागरोबाला जावा. आम्ही सागरोबा म्हणतो, बोर्डावर सागरेश्वर असतं. जुनी महादेवाची देवळं आहेत, एक नाही, मोठ्या देवळाच्या आजूबाजूला लहान लहान देवळांचा नुसता गठ्ठा, काही तर इतकी बुटकी की वाकूनच आत जायचं. चालुक्यांच्या काळातली सांगतात. पाण्याचं कुंड आहे. श्रावणी सोमवारी पाय ठेवायला जागा नसते, त्यामुळं श्रावण सोडून या.

आणि सागरोबाचा न् यशवंतरावांचा संबंध आहे, हे अण्णांना पुस्तकात सापडलंच असेल. बाळंतपण अवघड गेलं, आई वाचते का नाही अशी गत, तेव्हा आजीनं सागरोबाला साकडं घातलं की सुटका कर, यश दे, तुझी आठवण म्हणून पोराचं नाव यशवंत ठेवीन. नाव तिथनं आलं. आमच्याकडं अजून बाळंतपण अडलं की म्हातारी माणसं आधी सागरोबाचं नाव घेतात आणि मग ॲम्ब्युलन्सला फोन, म्हणजे दोन्ही करतात, एकावर भागत नाही.

देवळाला गाडी बऱ्यापैकी जवळ जाते. वर अभयारण्य आहे तिथं मात्र चढ आहे, गुडघ्याचं बघून ठरवा. अभयारण्याची गोष्ट पण वेगळीच आहे, हे जंगल आधी नव्हतंच. उघडा बोडका डोंगर होता. मोहित्यांच्या वडगावचे धों. म. मोहिते अण्णा, त्यांनी माणसं गोळा केली, झाडं लावली, सरकारच्या मागं लागले, बाहेरनं जनावरं आणून सोडली आणि १९८५ साली अभयारण्य झालं. पावणेअकरा चौरस किलोमीटरच्या आसपास, म्हणजे लहानच. हरणं, सांबर, काळवीट, मोर. वरनं कृष्णाकाठचा ऊस दिसतो हिरवागार.

आता कौतुक झालं, रडगाणं पण ऐका, कुंपण कुठं ना कुठं फुटलेलं असतंच आणि सांबरं रात्री खाली उतरतात. दोन वर्षांमागं माझा हरभरा घाटे धरायला लागला आणि सकाळी बघतो तर पट्टाच्या पट्टा दाढी केल्यासारखा गुळगुळीत. पंचनाम्याला साहेब आले ते तिसऱ्या दिवशी, मला म्हणतात खुरांचे ठसे कुठायत. म्हटलं साहेब, काल रानाला पाणी दिलं, ठसे वाहून गेले, उद्या सांबराला सांगतो सही करून जा म्हणून.

इतिहासवेडा_९६

देवराष्ट्रे फक्त यशवंतरावांमुळं प्रसिद्ध आहे असं समजू नका!! समुद्रगुप्ताच्या प्रयागच्या स्तंभावर देवराष्ट्राच्या कुबेर राजाचा उल्लेख आहे. म्हणजे सोळाशे वर्षांपूर्वी ही राजधानी होती. हे कुणी सांगत नाही आपल्या पोरांना.

लेणीवाला

सांगत नाहीत कारण ते तसं नाहीये मित्रा. त्या स्तंभावरच्या लेखात, म्हणजे प्रशस्तीत, 'दैवराष्ट्रक कुबेर' आहे हे बरोबर. दक्षिणापथाच्या ज्या बारा राजांना हरवून परत सोडून दिलं त्यांच्या यादीत आहे. पण त्या यादीत बाकीचे कोण आहेत बघ, कांचीचा विष्णुगोप, वेंगीचा हस्तिवर्मा. बहुतेक सगळा पूर्व किनारा. आधीच्या काही इंग्रज अभ्यासकांनी नावावरनं देवराष्ट्र म्हणजे महाराष्ट्र असं लावलं होतं आणि तिथनं हे पसरलं, पण पुढं आंध्रात विशाखापट्टणमच्या बाजूला यलमंचिलीचा भाग ताम्रपटांत देवराष्ट्र म्हणून मिळाला, तेव्हापासनं बहुतेक सगळे तिकडंच धरतात. समुद्रगुप्त कराडच्या बाजूला आला होता असं मानायला जागा नाही.

तसंही त्या गावाला राजाची गरज काय आहे? सागरेश्वरचा देवळांचा समूह आहे, कडेला कातळात कोरलेलं कमळभैरवाचं ठाणं आहे, पाठीमागं कुंडल. तेच नीट बघितलं तर दिवस पुरत नाही. पिंपरीकर, वडिलांना जमत असेल तर त्या बुटक्या देवळांच्या चौकटी बघायला सांगा, मोठं देऊळ सगळे बघतात.

इतिहासवेडा_९६

ओके, माहीत नव्हतं. आमच्या सरांनी सांगितलेलं शाळेत. पण कुबेर हे नाव भारी होतं राव.

सरळ_बोलतो

सगळं भक्तिभावानं चाललंय म्हणून एक कडू प्रश्न विचारतो, राग मानू नका. माणूस मुख्यमंत्री झाला, संरक्षण, गृह, अर्थ, परराष्ट्र सगळी खाती केली, उपपंतप्रधान झाला. जन्मगावाला काय मिळालं? आजकाल एखादा आमदार झाला तर गावात चौपदरी रस्ता, हेलिपॅड आणि स्वतःच्या नावाची तीन कॉलेजं होतात. आणि यांच्या गावाचा पत्ता इथं मॅपवर शोधावा लागतोय.

बांधावरचा_माणूस

राग कशाला, आमच्या पारावर हाच विषय वर्षातनं दोनदा होतो, एकदा १२ मार्चला आणि एकदा इलेक्शनला. आमचा चुलता तर म्हणायचा, साहेबांनी एक पाटकरी, म्हणजे कालव्याचं पाणी सोडणारा माणूस, पण आमच्या गावाचा लावला नाही.

पण खरं बघितलं तर पाणी नव्हतं हा मूळ आजार. कृष्णा खाली वाहतेय, डोळ्यानं दिसतेय, आणि वरच्या बाजूला कुसळं. ताकारी योजनेनं नदीचं पाणी पंपानं टप्प्याटप्प्यानं वर उचललं तेव्हा इकडं ऊस दिसायला लागला, आणि ते आलं यशवंतरावांच्या माघारी कितीतरी वर्षांनी. त्या पाण्यासाठी लोकांनी मोर्चे काढले, लाइटबिलाची भांडणं अजून चालू आहेत. आमच्या वडिलांनी उसाचा पहिला कोंब बघितला आणि बांधावर बसून राहिले, घरी जेवायला येईनात. सांगायचा मुद्दा, पुढाऱ्याचं गाव म्हणून आमच्याकडं काय आपोआप आलं नाही.

कराडचा_वारा

@सरळ_बोलतो प्रश्न बरोबर आहे पण मोजायचं माप जरा तपासा. गावाला काय दिलं म्हणता, तर पिंपरीकरांचे अण्णा देवराष्ट्रेचे नाहीत ना? तरी त्यांची फी माफ झाली. जिल्हा परिषदा १ मे १९६२ ला सुरू झाल्या त्या अख्ख्या राज्यात. एकट्या देवराष्ट्रेत हेलिपॅड केलं असतं तर आज कडबा वाळवायला उपयोगी पडलं असतं एवढंच.

पण मी पण भाबडा नाही. कराडला जेवढं मिळालं तेवढं आजोळला नाही हे खरं. राजकारण कराडातनं झालं, माणसं कराडची जोडली गेली, कराडात विठामातेच्या नावानं शाळा आहे. आजोळ हे आपलं सुट्टीत आठवण काढायचं ठिकाण राहिलं. घरोघरी हेच असतंय, मामाच्या गावाला आपण तरी वर्षातनं किती वेळा जातो?

गोधडीवाली_आज्जी

मी इथं फार लिहीत नाही, नातवानं टायपिंग शिकवलंय, चुकलं तर सांभाळून घ्या. तुम्ही सगळे मघापासनं साहेबांचं बोलताय, विठाबाईचं पण बोला की. नवरा प्लेगात गेलेला, पदरात चार लेकरं, स्वतःला अक्षर येत नव्हतं. आणि ती पोरांना म्हणायची, 'नका बाळांनो डगमगू, चंद्रसूर्यावरील जाई ढगू'. ढगू म्हणजे ढग जातोच की रे बाळांनो, चंद्रसूर्यावरचा पण. साहेबांनीच हे पुढं लिहून ठेवलं म्हणून आपल्याला कळलं. माझ्या सासूबाई पण असल्याच ओळी जात्यावर जोडायच्या, अंगठेबहाद्दर बाई, पण यमक कधी चुकलं नाही. ते कुणी लिहून घेतलं नाही, गेलं सगळं.

पिंपरीच्या दादा, अण्णांना घेऊन जाच. टोपी आणि पाण्याची बाटली विसरू नका. आणि सागरोबाला नारळ फोडा, तुम्ही मानत नसला तरी.

शेणोली_फाटा

एक भर घालतो. कराडहून येताना शेणोलीवरनं याल तर १९४३ ला नाना पाटलांच्या प्रतिसरकारवाल्यांनी, म्हणजे इंग्रजांविरुद्ध स्वतःचं सरकार चालवणाऱ्यांनी, पगाराची रेल्वे लुटली ती आमच्याच भागात. पुढं कुंडल म्हणजे प्रतिसरकारच्या तुफान सेनेचं ठाणं, जी. डी. बापू लाडांचं गाव. येडेमच्छिंद्र नाना पाटलांचं, तेही लांब नाही. गंमत बघा, एक गाव तेव्हा संस्थानात, शेजारचं इंग्रजाच्या मुलखात, कुंडल आणि किर्लोस्करवाडी औंध संस्थानात होती, त्यामुळं तिकडनं इकडं पळालं की पोलिसांची हद्द बदलायची. माझ्या आज्याकडनं ऐकलेलं, भाकरी एका हद्दीत भाजायची आणि खायची दुसऱ्या हद्दीत. वीसेक किलोमीटरात एवढी माणसं झाली, तुम्ही एकच गाव बघून परत जाताय ते जरा बरोबर वाटत नाही.

पिंपरीचा_पाहुणा

सगळ्यांचे आभार. परवाच्या रविवारी जाऊन आलो, रिपोर्ट देतो नाहीतर तुम्ही म्हणाल माहिती घेतली आणि गायब झाला.

पहाटे चारला निघालो. अण्णा साडेतीनलाच इस्त्रीचा शर्ट घालून सोफ्यावर बसलेले, मांडीवर पुस्तक आणि त्यात बसच्या तिकिटांच्या खुणा. मी घर आधी म्हणत होतो, त्यांनी आधी सागरोबा म्हटलं, क्रम पुस्तकातला पाहिजे, आधी साकडं मग जन्म.

देवळात सकाळी गर्दी अजिबात नव्हती. दगड गार, अण्णा अनवाणी, एक हात माझ्या खांद्यावर. लेणीवाले साहेबांनी सांगितल्याप्रमाणं बुटक्या देवळांकडं नेलं तर एका चौकटीतनं वाकून आत गेले आणि बाहेर यायला गुडघा वळेना, मग मी आणि एक पुजाऱ्याचा मुलगा दोघांनी मिळून बाहेर काढलं. बाहेर आल्यावर म्हणाले, आजी कुठं उभी राहिली असेल रे साकडं घालायला? म्हटलं अण्णा मला काय माहीत. ते तिथंच दहा मिनिटं उभे. नारळ फोडला, आज्जी. अर्धा पोराला दिला.

वर अभयारण्यात गेलो नाही, गुडघा आधीच बोलायला लागलेला. मोराचा आवाज तेवढा आला. हरणं दिसली नाहीत, ती बहुतेक बांधावरच्या दादांच्या हरभऱ्यात असतील.

घराचं तुम्ही म्हणालात तेच, पंधरा मिनिटं. पण अण्णांनी पाऊण तास काढला. आत फार बोलले नाहीत. बाहेर येऊन कट्ट्यावर बसले, शेजारी एक पोरगा सायकलची चेन बसवत होता, हात काळेकुट्ट. अण्णांनी त्याला विचारलं कितवीला आहेस, तो म्हणाला आठवीला. फी किती? पोरगा माझ्याकडं बघायला लागला, फी काय असतेय शाळेला, झेडपीची आहे. अण्णा एवढे खुश झाले की त्याला पन्नास रुपये देत होते, पोरगा घेईना, शेवटी त्याची चेन बसवायला स्वतःच खाली बसले, आणि इस्त्रीच्या शर्टाला ग्रीस लागलं ते अजून निघालेलं नाही. बायकोनं सगळं धुऊन बघितलं, रॉकेल पण लावलं.

येताना कराडला थांबलो तर समाधीकडं जायला नको म्हणाले, गाडीतच झोपले. विरंगुळा राहिलं.

आता दोन दिवस झाले नवीन सुरू झालंय, त्या शेणोलीवाल्या दादांची पोस्ट मी मोठ्यानं वाचून दाखवली ही माझी चूक. येडेमच्छिंद्रला कधी जायचं म्हणून विचारतायत. तिकडचं कुणी आहे का इथं? पायऱ्या किती आहेत तेवढं आधी सांगा.